अमूर्त चित्रकर्ती आणि एका राष्ट्राध्यक्षाचा चेहरा

(संस्थेच्या विद्यार्थी मेळाव्यात दिलेले व्याख्यान)



आपल्या मेळाव्यात दरवर्षी शिक्षण, नोकरी, स्पर्धा परीक्षा ह्या विषयांवर व्याख्याने होतात. ती झालीच पाहिजेत. यंदा मात्र कार्यकर्त्यांनी मला चित्रकलेवर बोलायला सांगितले, आणि त्याला कारण आहे. आपल्या वस्त्यांमधून चित्रकला महाविद्यालयात जाणारी मुले-मुली आता बऱ्यापैकी आहेत. मार्च संपत आला की ह्या मुलांना गल्लीगल्लीतून बोलावणे येते. जयंतीला भिंतीवर बाबासाहेब काढून द्या. मुले काढून देतात आणि चांगले काढतात. फोटोवर चौकोन आखायचे, भिंतीवर त्याच प्रमाणात मोठे चौकोन आखायचे, एकेका चौकोनातली रेषा इकडून तिकडे न्यायची. जयंती झाली की हीच मुले वर्गात परत जातात आणि तिथे त्यांना अमूर्त चित्रकला शिकवली जाते. रंग, पोत, अवकाश. माणसाचा चेहरा तिथे मागासलेला विषय समजला जातो. मग ही मुले विचारतात की, वस्तीत काढतो ते चित्र आणि कॉलेजात काढतो ते चित्र, ह्या दोहोंचा एकमेकांशी काही संबंध आहे की नाही?

प्रश्न साधा नाही. त्याचे उत्तर मला एका बाईच्या कामात सापडते. उदाहरण दूरचे आहे, अमेरिकेतले. पण शहर आपल्याला अगदीच परके नाही. बाबासाहेब १९१३ ते १९१६ ज्या न्यूयॉर्कमध्ये कोलंबिया विद्यापीठात शिकले त्याच न्यूयॉर्कच्या ब्रुकलिन भागात, बाबासाहेब तेथून गेल्यानंतर दोन वर्षांनी, १२ मार्च १९१८ रोजी ह्या बाईंचा जन्म झाला. नाव इलेन फ्रीड. पुढे त्या इलेन डी कूनिंग म्हणून ओळखल्या गेल्या.

आधी अमूर्त म्हणजे काय ते थोडक्यात सांगतो, कारण सभेत सगळेच चित्रकार नाहीत. ज्या चित्रात झाड, घर, माणूस असे काही ओळखू येत नाही, फक्त रंग, रेषा आणि त्यांच्या हालचालीतून जे उभे राहते ते अमूर्त. आपल्याकडे नागपूरला जन्मलेले वासुदेव गायतोंडे आणि अकोल्याचे अंबादास ही ह्या वाटेवरची फार मोठी नावे आहेत. गायतोंड्यांना झेन बौद्ध विचाराची ओढ होती आणि त्यांच्या चित्रांपुढे उभे राहिले की ती जाणवते. अंबादास १९६३ साली दिल्लीत भरलेल्या 'ग्रुप १८९०' च्या प्रदर्शनात होते, नंतर नॉर्वेत स्थायिक झाले आणि २०१२ साली तिथेच वारले. विदर्भाच्या मातीतला माणूस ऑस्लोला जाऊन रंगांच्या लाटा काढत बसला, ही गोष्ट आपल्या शाळांतून सांगितली जात नाही, म्हणून येथे सांगून ठेवतो.

न्यूयॉर्कमध्ये दुसऱ्या महायुद्धानंतर ह्या चित्रकलेचा मोठा जोर होता. इलेनबाई त्याच गोतावळ्यात होत्या. १९४३ साली त्यांनी विलेम डी कूनिंग ह्या चित्रकाराशी लग्न केले. ते पुढे जगप्रसिद्ध झाले आणि बाई 'डी कूनिंगांच्या पत्नी' झाल्या. आपल्या घरांतल्या बायकांना हे वेगळे समजावून सांगायला नको. बाई स्वतः उत्तम चित्र काढीत, चित्रकलेवर मासिकांतून लिहीत, ठिकठिकाणी शिकवीत. चित्रावर सही करताना पुष्कळदा नुसती आद्याक्षरे घालीत, म्हणजे 'बाईचे चित्र' म्हणून कोणी आधीच मत बनवू नये आणि नवऱ्याच्या नावाशीही घोटाळा होऊ नये.

त्यांच्या मंडळींत व्यक्तिचित्र काढणे कमीपणाचे मानले जाई. चेहरे काढायचे ते पोटासाठी, श्रीमंतांच्या दिवाणखान्यासाठी, अशी समजूत होती. बाईंनी ही समजूत जुमानली नाही. त्या मोठमोठ्या फटकाऱ्यांची अमूर्त चित्रे काढीत आणि त्याच हाताने, त्याच वेगाने मित्रांना समोर बसवून त्यांचीही चित्रे काढीत. त्यांच्या बसलेल्या पुरुषांच्या कितीतरी चित्रांत चेहरा जवळजवळ नाहीच. नाक-डोळे पुसट, पण खांदे कसे टाकले आहेत, गुडघे किती फाकले आहेत, माणूस खुर्चीला टेकला आहे की खुर्चीतून निसटतो आहे, हे सगळे आहे. त्यांचे म्हणणे असे की, माणूस आधी त्याच्या अंगाच्या ठेवणीत असतो, चेहऱ्यात नंतर.

हे आपल्याला पटायला हरकत नाही. क्रांती चौकात संध्याकाळच्या गर्दीत आपला माणूस पलीकडच्या फुटपाथवरून चालला असेल तर आपण त्याला कशावरून ओळखतो? चेहरा दिसतच नाही. चालीवरून ओळखतो, मान किती झुकली आहे त्यावरून ओळखतो. एसटीतून उतरणाऱ्या पन्नास माणसांत आई आपल्या पोराला पाठमोरे ओळखते.

१९६२ साली इलेनबाईंनी फ्रँक ओहारा ह्या कवीचे उभे चित्र काढले. आधी चेहरा नीट रंगवला आणि मग तो पुसून टाकला. त्यांनीच सांगून ठेवले आहे की, चेहरा गेल्यावर तो माणूस चित्रात अधिक आला. ही गोष्ट लक्षात ठेवा, मी तिच्याकडे परत येणार आहे.

त्याच वर्षी त्यांच्याकडे एक काम आले. मिसूरी राज्यात इंडिपेंडन्स नावाच्या गावी माजी राष्ट्राध्यक्ष ट्रुमन यांच्या नावाचे ग्रंथालय आहे. त्यांना त्या वेळचे राष्ट्राध्यक्ष जॉन केनेडी यांचे चित्र हवे होते. अमूर्त चित्रकर्तीला राष्ट्राध्यक्षाचे चित्र! पण त्यात शहाणपण होते. केनेडींना फार वेळ नव्हता आणि स्वस्थ बसायची सवयही नव्हती. झपाट्याने काढणारा हात पाहिजे होता, आणि तो बाईंचा होता.

पहिली बैठक २८ डिसेंबर १९६२ रोजी फ्लोरिडात पाम बीच येथे झाली. केनेडी कुटुंब हिवाळ्यात तेथे राहत असे. बैठका जानेवारीतही चालल्या. आता येथे जे घडले तो माझ्या दृष्टीने सगळ्या प्रकरणाचा गाभा आहे. बाई जाताना मनात एक केनेडी घेऊन गेल्या होत्या. वर्तमानपत्रातला. काळा-पांढरा, करड्या छायेचा, पुतळ्यासारखा घडीव. तुमच्या-माझ्या मनात नेत्यांचे जे फोटो असतात तसाच. आणि समोर आला तो उन्हात उजळलेला, सोनेरी वाटणारा, अपेक्षेपेक्षा थोराड दिसणारा माणूस. फोटो आणि माणूस जुळेनात. हा माणूस एका जागी बसतही नव्हता. त्याला पाठीचे दुखणे होते. कधी ह्या कुशीवर, कधी त्या. कागदपत्रे वाची, लोकांशी बोले. सांगून काढून घेतलेल्या चित्रातली ती ताठ बैठक त्याच्याजवळ नव्हतीच.

दुसरा कोणी चित्रकार असता तर त्याने छायाचित्रकाराकडून चार फोटो घेतले असते आणि घरी जाऊन चौकोन आखले असते. बाईंनी उलट केले. त्या हालचालीमागे धावल्या. कोळशाने, पेन्सिलीने, शाईने रेखाटनांमागून रेखाटने. काही रेखाटनांत जेमतेम पाच-सात रेषा. न्यूयॉर्कला परत आल्यावर त्यांचा सगळा स्टुडिओ केनेडीने भरून गेला. पुढचे जवळजवळ वर्षभर त्या ह्या एकाच माणसामागे होत्या. टीव्हीवर तो दिसला की काढ, वर्तमानपत्रात आला की कापून ठेव, आणि पाम बीचला डोळ्यांनी पाहिलेल्याशी ताडून पाहा. काम एका चित्राचे होते, झाली अनेक. कारण एका चित्रात तो मावेना.

त्यातले एक, १९६३ चे, आज वॉशिंग्टनच्या राष्ट्रीय व्यक्तिचित्र संग्रहालयात आहे. साडेआठ फुटांच्या आसपास उंच आणि अरुंद. हिरव्या आणि पिवळ्या रंगांचे लांब, घाईचे फटकारे वरपासून खालपर्यंत. पाम बीचची बाग आणि ऊन त्या हिरव्या-पिवळ्यात आहे असे मला वाटते. जवळ गेले तर नुसते अमूर्त चित्र. चार पावले मागे आले की मधोमध माणूस बसलेला. बसलेला, पण आता उठेल असा. राष्ट्राध्यक्षाच्या चित्रात जे काय असावे लागते, झेंडा, मेज, राजमुद्रा, त्यातले काही नाही. फटकारे काढून घेतले तर माणूस उरत नाही, इतका तो त्यांत विरघळलेला आहे.

ह्यालाच मी राजकीय चित्र म्हणतो, आणि कोणी आक्षेप घेईल म्हणून दोन वाक्ये बोलतो. १९६३ हे वर्ष अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या नागरी हक्कांच्या लढ्याचे निर्णायक वर्ष. ११ जूनला केनेडींनी दूरचित्रवाणीवरून नागरी हक्कांच्या कायद्याची घोषणा केली. ऑगस्टमध्ये वॉशिंग्टनला मार्टिन ल्यूथर किंग यांचा मोठा मोर्चा निघाला. कायदा मंजूर झालेला पाहायला, १९६४ साली, केनेडी हयात नव्हते. ह्यातले काहीही चित्रात दिसत नाही. पण काही ठरवण्याच्या बेतात असलेला, अजून पुरता न ठरलेला माणूस दिसतो. त्या वर्षीचे राजकारण तसेच होते.

२२ नोव्हेंबर १९६३ रोजी डलास येथे केनेडींची हत्या झाली. बाईंच्या भोवती भिंतीभर तोच माणूस होता. त्यांचे चित्र काढणे थांबले, ते बराच काळ थांबलेलेच राहिले. पाहण्याचा माणूस गेला होता. उरले होते फोटो, आणि दिवसरात्र दूरचित्रवाणीवर तेच ते फोटो. ज्या हाताने वर्षभर हलता माणूस पकडला त्याला आता गोठलेला चेहरा काढवेना. ट्रुमन ग्रंथालयाला त्यांचे चित्र मिळाले ते १९६५ साली.

बाई १९८९ साली वारल्या. वॉशिंग्टनच्या संग्रहालयाने ते चित्र मिळवले १९९९ साली, म्हणजे त्यांच्या मृत्यूनंतर दहा वर्षांनी. २०१५ मध्ये तिथे त्यांच्या व्यक्तिचित्रांचे स्वतंत्र प्रदर्शन झाले. आज त्यांचे नाव निघाले की आधी केनेडीचे चित्र निघते. आयुष्यभर अमूर्त काढले, बैलांच्या झुंजी पाहून आलेली प्रचंड रंगीत चित्रे काढली, आणि ओळख राहिली एका चेहऱ्याची. हा अन्याय आहे का? त्यांच्या बाजूचे काही लोक तसे म्हणतील. मला तसे वाटत नाही. अमूर्तात जे जे त्या शिकल्या, वेग, रंगाचा भार, रेषा कुठे सोडून द्यायची, ते सगळे त्या चित्रात एका माणसाच्या कामी आले. विद्या एका जागी पणाला लागली.

आणि सगळीच राजकीय चित्रे आदरातून होतात असे नाही. फिलिप गस्टन हा त्यांच्याच पिढीचा नामवंत अमूर्त चित्रकार. त्याने अमूर्त सोडले, १९७० च्या प्रदर्शनात भाबडी, ओबडधोबड माणसे आणली आणि शिव्या खाल्ल्या. १९७५ साली त्याने 'सान क्लेमेंटे' हे चित्र काढले. पदच्युत निक्सन समुद्रकिनाऱ्यावर आपला भयंकर सुजलेला, पट्ट्या बांधलेला पाय ओढीत चालला आहे आणि डोळ्यात टिपूस आहे. राग आणि कीव एकाच चित्रात. पण हा वेगळा विषय होईल.

इलेनबाईंच्या आयुष्याचे एक शेवटचे पान आपल्या मराठवाड्यातल्या माणसांना सांगण्यासारखे आहे. १९८३ साली त्यांनी फ्रान्समधल्या लास्को येथील आदिमानवाची गुहाचित्रे पाहिली आणि अखेरची काही वर्षे त्या गुहांच्या भिंतींचीच चित्रे काढीत राहिल्या. न्यूयॉर्कची ही बाई शेवटी लेण्यांत पोचली. आपण लेण्यांच्या दारात राहतो.

म्हणून आता पुसलेल्या चेहऱ्याकडे परत येतो. अजिंठ्याचे दहावे लेणे तुमच्यापैकी पुष्कळांनी सहलीत पाहिले असेल. बहुतेक लोक पहिल्या लेण्यातला पद्मपाणी पाहतात, फोटो काढतात आणि दहाव्यापर्यंत येईतो थकतात. हा चैत्य इसवी सनापूर्वीच्या दुसऱ्या शतकाच्या सुमाराचा, अजिंठ्यातला अतिशय जुना. आत स्तूप आहे, बुद्धाची मूर्ती नाही. डाव्या भिंतीवर आता फार पुसट झालेले चित्र आहे. एक राजा आपल्या परिवारासह बोधिवृक्षाला वंदन करायला आला आहे. वृक्ष आहे, वंदन करणारी माणसे आहेत, बुद्ध काढलेला नाही. सांचीच्या तोरणांवरही रिकामे आसन, पावलांचे ठसे, वृक्ष. ज्याच्यासाठी सगळी गर्दी जमली त्याची जागा मोकळी. आणि त्याच दहाव्या लेण्याच्या खांबांवर, पाच-सहाशे वर्षांनंतरच्या चित्रकारांनी काढलेले बुद्ध उभे आहेत, चेहऱ्यासह. (१८१९ साली जॉन स्मिथ ह्या इंग्रज अधिकाऱ्याने आपले नाव कोरून ठेवले ते ह्याच लेण्यातल्या खांबावर, चित्रावरच. असो.) एका छताखाली दोन्ही रीती आहेत, आणि दोन्ही आपल्याच पूर्वजांच्या आहेत. रिकामे आसन काढणाऱ्याला माणूस काढता येत नव्हता असे नाही. राजा आणि त्याचा परिवार त्याने किती जिवंत काढला आहे!

आता वर्गात अमूर्त मोठे आणि चेहरा मागासलेला असे जे सांगतात त्यांना विचारा, दहाव्या लेण्यात मागासलेले कोणते?

आणि आपल्या वस्तीतल्या चित्राविषयीही मला दोन गोष्टी बोलायच्या आहेत. त्या चित्राला मी हसत नाही. २७ जुलै १९७८ रोजी नामांतराचा ठराव विधिमंडळात झाला आणि त्यानंतर मराठवाड्यात जे झाले ते येथे बसलेल्या वडीलधाऱ्यांनी भोगले आहे. १४ जानेवारी १९९४ पर्यंत, नामविस्तार होईपर्यंत, कितीतरी गावांत घराच्या दर्शनी भिंतीवर बाबासाहेबांचा फोटो लावणे म्हणजे संकट ओढवून घेणे होते. तो फोटो हीच घोषणा होती. त्या चित्राचे काम माणूस पटकन ओळखू येणे हे होते, आणि ते त्याने चोख केले. संसदेच्या आवारात १९६७ साली उभा राहिलेला ब्रह्मेश वाघ यांचा पुतळा, १९९० साली मध्यवर्ती सभागृहात लागलेले तैलचित्र, आणि आपल्या गल्लीतली भिंत, ह्या तिन्ही ठिकाणी तेच काम चालले होते. आम्ही आहोत, हे सांगण्याचे.

आपली माणसे अमूर्तही जाणतात. रिक्षाच्या मागच्या काचेवर नुसता गोल चष्मा आणि कपाळाची एक रेषा चिकटवलेली असते. नाक नाही, डोळे नाहीत, ओठ नाहीत. शाळेत न गेलेली आजीसुद्धा ते पाहून हात जोडते. ओहाराचा चेहरा पुसून इलेनबाईंनी जे केले त्याच्या शेजारचेच हे आहे. मात्र एक फरक आहे. बाईंनी पुसला तो पाहून काढलेला चेहरा. आपला चष्मा आता छाप्यातून निघतो. पहिला ज्याने काढला त्याने पाहिले असेल, पुढच्या हजारांनी पहिल्याकडे पाहिले. फ्लेक्स आल्यापासून तर तोच चेहरा संगणकावर गुळगुळीत करून, गोरा करून, सुरकुत्या काढून छापतात. बाबासाहेबांच्या सुरकुत्या काढण्याचा अधिकार ह्यांना कोणी दिला?

तुम्ही म्हणाल, केनेडी समोर बसले होते, आम्ही कोणाला बसवणार? बाबासाहेब ६ डिसेंबर १९५६ ला गेले. खरे आहे. पण फोटो एकच नाही. गोलमेज परिषदेच्या काळातला कडक सुटातला बॅरिस्टर पाहा आणि १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपूरला पांढऱ्या पोशाखात, हातात काठी घेऊन उभा असलेला माणूस पाहा. मधुमेह, गुडघ्यांचे दुखणे, उभे राहणेही अवघड. त्याही अवस्थेत 'बुद्ध आणि त्याचा धम्म' हा ग्रंथ हातावेगळा करायचा चाललेला. खांदे बघा, काठीवर भार कुठे आहे ते बघा. हा दमलेला माणूस आपण भिंतीवर कधी काढला? आपल्याला भीती वाटते, दमलेला दाखवला तर लहान होईल. मला वाटते, हॉस्टेलवर रात्री दिव्याखाली बसणाऱ्या आपल्या मुलाला तोच माणूस अधिक जवळचा वाटेल. फोटोतूनही पाहता येते. चौकोन आखणे म्हणजे पाहणे नव्हे, एवढेच.

आणि फोटोपलीकडे नागसेनवन आहे. मिलिंद महाविद्यालयाची इमारत आहे, ती उभी राहताना बाबासाहेब तेथे येत असत. ते व्हरांडे, ती झाडे, दुपारचे ऊन आजही आहे. रिकामे आसन काढणाऱ्यांना एवढेही पुरले होते.

शेवटी एक कामाची गोष्ट. संस्थेच्या सभागृहाची मागची भिंत, बारा फूट बाय आठ, कार्यकारिणीने पुढच्या जयंतीसाठी चित्रकलेच्या विद्यार्थ्यांना द्यायचे कबूल केले आहे. रंगाचा आणि पायाडाचा खर्च संस्था करील. चेहरा असावाच असा आग्रह नाही, नसावा असाही नाही. निळाच रंग पाहिजे असेही नाही. भिंतीवर चौकोन मात्र आखायचे नाहीत, आणि ज्याला भिंतीला हात लावायचा आहे त्याने आधी शंभर पानांची एक वही रेखाटनांनी भरून कार्यालयात आणून दाखवायची. वह्या फेब्रुवारीअखेर पोचाव्यात. मुलींनी मागे राहू नये, पायाडावर चढायला भीती वाटत असेल तर खालचा भाग त्यांनी आधी धरावा, मुले वर जातील. वह्या पाहायला मी येणार आहे.

जयभीम.